मूकपटातील मोहिनी : कमलाबाई गोखले

इ. स. १९१३ च्या मे महिन्यात मुंबईच्या गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट लोकांपुढे आला. नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके ह्यांनी तो तयार केला होता. भारतीय चित्रपटसृष्टीचा आरंभ ह्याच चित्रपटापासून मानतात. सत्यासाठी राज्य सोडणारा हरिश्चंद्र, त्याच्यामागून वनात जाणारी तारामती आणि त्यांचा कोवळा पुत्र रोहिदास ह्यांची ती कथा होती. परंतु पडद्यावर दिसणारी तारामती ही स्त्री नव्हती. उपाहारगृहात स्वयंपाक्याचे काम करणाऱ्या अण्णा साळुंके नावाच्या तरुणाने लुगडे नेसून ती भूमिका केली होती.

दादासाहेबांनी स्त्री नटीचा शोध घेतला नव्हता, असे नाही. त्यांनी पुष्कळ खटपट केली. पण चित्रपटात काम करण्यास एकही स्त्री तयार होईना. आणि त्याच वर्षी, त्यांच्या दुसऱ्या चित्रपटाच्या वेळी, बारा-तेरा वर्षांची एक मुलगी धीटपणे त्यांच्या कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. तिच्याबरोबर तिची आईही उभी राहिली. मुलीचे नाव कमला कामत आणि आईचे नाव दुर्गाबाई कामत. हीच कमला पुढे कमलाबाई गोखले ह्या नावाने महाराष्ट्राला परिचित झाली.

चित्रपटात काम करण्याची स्त्रियांना एवढी भीती का वाटावी, हे समजण्यासाठी त्या काळाकडे पाहावे लागते. मराठी रंगभूमीचा प्रारंभ १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांच्या ‘सीता स्वयंवर’ ह्या नाटकाने झाला. तेव्हापासून सीता, शकुंतला, सुभद्रा ह्यांच्या भूमिका पुरुषच करीत. भाऊराव कोल्हटकर, बालगंधर्व ह्यांसारख्या थोर नटांनी स्त्रीभूमिकांत असा लौकिक मिळविला, की त्यात काही वावगे आहे असे कोणालाच वाटेनासे झाले. कुलीन स्त्रीने परक्या लोकांपुढे तोंडाला रंग लावून उभे राहणे, ही गोष्ट मात्र लाजिरवाणी समजली जाई. जी स्त्री असे धाडस करील, तिला समाजाचे दरवाजे बंद होत.

ही रीत केवळ आपल्याच देशात होती असे नव्हे. दूरच्या जपानमध्ये काबुकी नावाचा एक नाट्यप्रकार आहे. सतराव्या शतकाच्या आरंभी ओकुनी नावाच्या एका नर्तकीनेच तो सुरू केला, असे तेथील इतिहास सांगतो. तरीही १६२९ साली तेथील राज्यकर्त्यांनी स्त्रियांना रंगमंचावर येण्याची बंदी केली आणि तेव्हापासून काबुकीतील नायिका पुरुषच रंगवू लागले. जपानमध्ये मूकपट आले, तेव्हा त्यांतही प्रारंभी पुरुषच स्त्रीवेष घेऊन उभे राहत. तेथील पडद्यावर स्त्रिया सर्रास दिसू लागल्या त्या १९२० च्या सुमारास. ह्यावरून दुर्गाबाईंनी आणि कमलेने १९१३ साली उचललेले पाऊल किती धाडसाचे होते, ह्याची कल्पना येते.

हे धाडस हौसेतून जन्मले नव्हते. त्याच्या मुळाशी गरज होती.

कमलेचा जन्म १९०० साली झाला. तिचे वडील आनंद नानोसकर हे मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत अध्यापक होते. कमला तीन वर्षांची असताना आईवडील एकमेकांपासून विभक्त झाले आणि मुलीला वाढविण्याचा सारा भार एकट्या दुर्गाबाईंवर पडला. पतीचा आधार सुटलेल्या स्त्रीने त्या काळी करावे तरी काय? तिला नोकरी मिळण्याचा संभव नव्हता. एखाद्या घरी धुणीभांडी करणे, नातलगांच्या दारी आश्रित म्हणून राहणे, असे मोजकेच मार्ग तिच्यापुढे असत. दुर्गाबाईंनी ह्यांतला एकही मार्ग स्वीकारला नाही. आपल्या अंगच्या कलेवर विश्वास ठेवून त्या एका फिरत्या नाटक मंडळीत दाखल झाल्या. त्यांच्या जातीतील लोकांना हे मुळीच रुचले नाही आणि त्यांनी दुर्गाबाईंशी संबंध तोडले. दुर्गाबाईंनी तो बहिष्कार सोसला. पण पाऊल मागे घेतले नाही. मुलीच्या ताटात स्वकष्टाचे अन्न वाढणे त्यांना लोकांच्या संमतीहून अधिक मोलाचे वाटले.

अशा रीतीने कमलेचे बालपण नाटक मंडळीच्या बिऱ्हाडात गेले. आज ह्या गावी, तर उद्या त्या गावी मुक्काम. पडदे, पोषाखांच्या पेट्या, वाद्ये आणि भांडीकुंडी बैलगाड्यांवर लादून मंडळी पुढल्या गावी निघे. इतर मुले पाटीवर धुळाक्षरे गिरवीत, त्या वयात कमला रंगमंचावर उभी राहू लागली. चार-पाच वर्षांची असल्यापासून तिने भूमिका केल्या. मोठ्यांची भाषणे ऐकता ऐकता ती पाठ करणे, सूर धरणे, प्रेक्षकांच्या नजरेला न बिचकता पावले टाकणे, हे सारे ती खेळता खेळता शिकली. रंगभूमी हीच तिची शाळा आणि आई हीच तिची पहिली शिक्षिका होती.

‘राजा हरिश्चंद्र’च्या यशानंतर दादासाहेब फाळके ह्यांनी आपला कारखाना मुंबईहून नाशिकला नेला. तेथे त्यांनी ‘मोहिनी भस्मासुर’ हा दुसरा चित्रपट हाती घेतला. भस्मासुराची कथा सर्वांच्या परिचयाची आहे. ज्याच्या मस्तकावर हात ठेवावा त्याचे भस्म व्हावे, असा वर शंकरांकडून मिळाल्यावर तो असुर उन्मत्त झाला. तेव्हा विष्णूंनी मोहिनीचे रूप घेतले. मोहिनी नाचू लागली आणि तिच्यासारखे हावभाव करता करता भस्मासुराने स्वतःच्याच मस्तकावर हात ठेवला. ह्या कथेत सारे महत्त्व मोहिनीच्या नृत्याला आहे. ती भूमिका कमलेला मिळाली आणि पार्वतीची भूमिका दुर्गाबाईंनी केली. भारतीय कथापटात स्त्रीची भूमिका स्त्रीने करण्याची ही पहिलीच वेळ होती. ह्या अपूर्व प्रसंगी आई आणि मुलगी दोघीही एकाच चित्रपटात होत्या.

त्या काळचे चित्रण आजच्यासारखे सोयीचे नव्हते. विजेच्या प्रखर दिव्यांची जोड नसल्यामुळे सारे काम उघड्या जागी, सूर्यप्रकाशात करावे लागे. ढग आले की काम थांबे. कॅमेरा हाताने दांडा फिरवून चालवीत. फिल्म अशा प्रकारची असे, की तिच्यावर तांबडा रंग काळा उमटे; म्हणून चेहऱ्यावरचे रंगसुद्धा जपून लावावे लागत. नाटकात वाढलेल्या कमलेला सर्वांत नवी वाटण्यासारखी गोष्ट निराळीच होती. समोर प्रेक्षक नव्हते. टाळ्यांचा कडकडाट नव्हता. आणि तिचा आवाज तर कोणालाच ऐकू जाणार नव्हता. ज्या गळ्यावर नाटकातील गाण्यांची मदार असे, त्याचा ह्या नव्या कलेत काहीच उपयोग नव्हता. राग, आनंद, भीती, कपट हे सर्व भाव डोळे, हात आणि पावले ह्यांनीच सांगावयाचे होते. शब्दांवाचून बोलण्याची ही विद्या कमलेने त्या वयात आत्मसात केली.

१९१४ साली दादासाहेब फाळके आपले तीन चित्रपट घेऊन लंडनला गेले. त्यांत ‘मोहिनी भस्मासुर’ही होता. मूकपटाला भाषेची अडचण नसते. त्यामुळे जिने मुंबई प्रांताची सीमाही ओलांडली नसेल अशा मराठी मुलीचे नृत्य सातासमुद्रापलीकडील लोकांनी पाहिले. परंतु ह्या मानामुळे मायलेकींच्या संसारात सुबत्ता आली असे मात्र घडले नाही. चित्रपटाचा धंदा बाल्यावस्थेत होता. त्याच्यावर पोट भरण्याजोगी स्थिती नव्हती. दोघींना पुन्हा नाटकाकडेच वळावे लागले.

पंधराव्या वर्षी कमलेचा विवाह रघुनाथराव गोखले ह्यांच्याशी झाला. रघुनाथराव स्वतः गुणी नट होते. लहानपणी ते किर्लोस्कर नाटक मंडळीत होते आणि तेथे स्त्रीभूमिका करीत. पुढे ते आपल्या बंधूंच्या नाटक मंडळीत आले. पुरुषाने नायिका व्हावे आणि स्त्रीने घरात बसावे, ही जुनी रीत बाजूला सारून त्यांनी आपल्या पत्नीला मंडळीची प्रमुख नायिका केले. ज्याने स्वतः लुगडे नेसून नायिका रंगविल्या, त्यानेच पत्नीला तिचे योग्य स्थान मिळवून दिले, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. कमलाबाईंचे गाणे आणि अभिनय ह्यांना त्या काळात चांगला बहर आला.

परंतु हे सुख फार काळ टिकले नाही. कमलाबाई अवघ्या पंचविशीत असताना रघुनाथराव निवर्तले. तीन मुलांची जबाबदारी त्यांच्या शिरावर येऊन पडली. वीस-बावीस वर्षांपूर्वी जो प्रसंग दुर्गाबाईंवर आला होता, तोच आता त्यांच्या कन्येवर आला. त्या काळी तरुण विधवेने घराच्या कोपऱ्यात, लोकांच्या नजरेआड दिवस कंठावे, अशी अपेक्षा असे. कमलाबाईंना तसे करणे शक्य नव्हते. त्यांनी तसे केलेही नाही. दुःख मनात ठेवून त्या पुन्हा रंगमंचावर उभ्या राहिल्या. प्रेक्षकांपुढे हसावयाचे, गावयाचे आणि पडदा पडल्यावर मुलांच्या जेवणाची काळजी वाहावयाची, असा त्यांचा दिनक्रम सुरू झाला.

परभणी जिल्ह्यातील गंगाखेड येथे जन्मलेल्या संत जनाबाईंनी दुसऱ्याच्या घरी दळणकांडण करता करता अभंग रचले, हे महाराष्ट्रातील मुलांना माहीत आहेच. कष्टाला त्यांनी शरणागती मानली नाही. जात्याच्या घरघरीतच त्यांनी आपला सूर शोधला. जनाबाईंचा मार्ग भक्तीचा होता आणि कमलाबाईंचा नाट्यकलेचा. दोघींच्या काळात सहा शतकांचे अंतर होते. पण हाताला काम आणि ओठी गाणे, ही दोघींच्याही जीवनाची रीत होती.

जपानमध्ये १९३३ साली मिकिओ नारुसे ह्या दिग्दर्शकाने एक मूकपट तयार केला. आपल्या लहान मुलाला वाढविण्यासाठी मानहानी सोसून राबणाऱ्या एका मातेची कथा त्यात आहे. तशा कथा त्या काळी अनेक देशांच्या पडद्यांवर दिसल्या. प्रेक्षक त्या पाहून डोळे पुसत आणि घरी जात. दुर्गाबाई आणि कमलाबाई ह्यांच्या बाबतीत मात्र ती कथा पडद्यावर नव्हती, पडद्यामागे होती. ती पाहावयास प्रेक्षक नव्हते आणि ठराविक वेळाने ती संपतही नव्हती.

कमलाबाईंनी मिळेल ती भूमिका मनापासून केली. केवळ स्त्रियांच्याच नव्हे, तर पुरुषांच्या भूमिकाही त्यांनी केल्या. डोक्यावर पागोटे, कमरेला तलवार आणि चालण्यात वीराचा डौल, अशा वेषात त्या रंगमंचावर आल्या म्हणजे प्रेक्षकही त्यांना वाहवा देत. पुरुष स्त्रीची भूमिका करू शकतो, तर स्त्री पुरुषाची का करू शकणार नाही, ह्या प्रश्नाला त्यांनी वादविवाद न करता कृतीने उत्तर दिले. मूकपटांत आणि पुढे बोलपटांतही त्यांनी कामे केली. त्यांच्या चित्रपटांची संख्या सुमारे पस्तीस भरते.

ह्या मिळकतीवर त्यांनी तिन्ही मुलांना वाढविले. आणि केवळ वाढविले नाही, तर कलावंत केले. थोरले चिरंजीव चंद्रकांत गोखले हे मराठी रंगभूमीवरील आणि चित्रपटांतील नामांकित नट झाले. लालजी आणि सूर्यकांत हे दोघे पुत्र तबलावादनात निष्णात झाले. चंद्रकांत गोखले ह्यांनी स्वतः साधेपणाने राहून अपंग सैनिकांच्या साहाय्यासाठी आपल्या कमाईतून दान दिले. ज्या घरात एके काळी दोन वेळच्या अन्नाची चिंता होती, त्याच घरातून पुढे इतरांना आधार मिळाला. चंद्रकांतांचे पुत्र विक्रम गोखले हेही श्रेष्ठ अभिनेते म्हणून गाजले. ‘अनुमती’ ह्या मराठी चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्काराचा मान मिळाला. दुर्गाबाई, कमलाबाई, चंद्रकांत आणि विक्रम अशा चार पिढ्यांनी एकाच कलेची सेवा केली, असे उदाहरण विरळाच.

ह्या मायलेकींनी पाडलेल्या पायवाटेचा पुढे हमरस्ता झाला. १९३१ साली ‘आलम आरा’ ह्या चित्रपटाने बोलपटांचे युग सुरू केले. १९३२ साली प्रभात कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट काढला. त्याची कथा पुन्हा राजा हरिश्चंद्राचीच होती. ह्या वेळी तारामती झाल्या त्या दुर्गा खोटे; प्रतिष्ठित कुटुंबात वाढलेल्या आणि महाविद्यालयात शिकलेल्या. ज्या भूमिकेसाठी एकोणीस वर्षांपूर्वी सगळ्या मुंबईत एक स्त्री मिळाली नव्हती, ती आता एका सुशिक्षित स्त्रीने अभिमानाने केली. १९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ ह्या संस्थेच्या ‘आंधळ्यांची शाळा’ ह्या नाटकात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या आणि मराठी रंगभूमीवरही नव्या रीतीला प्रतिष्ठा मिळाली. ह्या बदलाला अनेकांचे हात लागले. परंतु कोणीही सोबत नसताना, लोकनिंदेची झळ सोसून पहिले पाऊल टाकणे, हे काम सर्वांत अवघड असते. ते दुर्गाबाईंनी आणि कमलाबाईंनी केले होते.

कमलाबाईंना दीर्घ आयुष्य लाभले. हाताने फिरवावयाच्या कॅमेऱ्यापासून रंगीत बोलपटांपर्यंतचा सारा काळ त्यांनी डोळ्यांनी पाहिला. १९८० साली आलेल्या ‘गहराई’ ह्या हिंदी चित्रपटात त्यांनी भूमिका केली, तेव्हा त्यांचे वय ऐंशीच्या घरात होते. ‘मोहिनी भस्मासुर’पासून त्या वेळेपर्यंत सदुसष्ट वर्षे लोटली होती. १९९२ साली रीना मोहन ह्या दिग्दर्शिकेने त्यांच्या जीवनावर ‘कमलाबाई’ हा माहितीपट केला. नव्वदी उलटलेल्या कमलाबाई त्यात जुन्या नाटकांतील भाषणे आठवून साभिनय म्हणून दाखवितात. शरीर थकले होते. पण लहानपणी पाठ केलेले शब्द जिभेवर तसेच ताजे होते. विसावे शतक संपण्यास दोन-तीन वर्षे उरली असताना, शतकाबरोबरच सुरू झालेले हे आयुष्य शांत झाले.

‘मोहिनी भस्मासुर’ची संपूर्ण प्रत आज उपलब्ध नाही. त्या काळची फिल्म चटकन पेट घेई आणि कालांतराने कुजून जाई. तिचे जतन करण्याची व्यवस्थाही फार उशिरा झाली. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. त्यामुळे नाशिकच्या उन्हात नाचलेली ती बारा-तेरा वर्षांची मोहिनी आज आपल्याला पाहावयास मिळत नाही. परंतु चित्रपटाच्या आरंभी पडद्यावर जेव्हा जेव्हा एखाद्या अभिनेत्रीचे नाव मानाने झळकते, तेव्हा त्यामागे त्या मुलीचे आणि तिच्या आईचे धैर्य उभे असते. त्या दोघींनी कीर्तीसाठी घर सोडले नव्हते. प्रामाणिक कष्टाने पोट भरावे आणि मुलांना माणूस म्हणून वाढवावे, एवढाच त्यांचा निश्चय होता. तो त्यांनी तडीस नेला. आणि ज्या कामाला लोक कमीपणा मानीत होते, त्या कामालाच त्यांच्या कष्टांनी प्रतिष्ठा मिळवून दिली.